गोष्ट संपल्यानंतरचे पाच महिने : पोकेमॉन स्कार्लेटचा डेक्स ४०० पर्यंत नेताना

२० ऑगस्ट २०२३, रविवार. रात्री पावणेबाराला पोकेमॉन स्कार्लेट या गेमची मुख्य गोष्ट संपली आणि पडद्यावर नावं सरकायला लागली. जून महिन्यात ऑफिसमधल्या एकांकडून जुना निन्टेन्डो स्विच १६,५०० रुपयांना घेतला होता, गेमची कार्ट्रिज वेगळी ३,८०० ची. दोन महिने रोज जेवण झाल्यावर एक तास, असा माझा नेम होता. त्या रात्री नावं संपली, मी पुन्हा शाळेच्या खोलीत उभी, आणि आता काय करायचं हे काही केल्या सुचेना. डेक्स, म्हणजे मिळालेल्या पोकेमॉनांची गेममधली नोंदवही, उघडून पाहिला. १६८. एकूण ४०० पैकी.

तेव्हा मी खूप शोधाशोध केली, पण सगळीकडे याद्याच सापडल्या. अमुक करा, तमुक करा. किती दिवस लागतात, कुठे अडकायला होतं, एकट्याने काय जमतं आणि कशाला दुसरा माणूस लागतो, हे क्रमाने कुणी सांगितलेलं दिसलं नाही. म्हणून हे लिहितेय. शेवट काय होतो ते सांगणार नाही, ज्यांचा व्हायचाय त्यांनी निर्धास्त वाचा.

पहिलं काम गेमच देतो. शाळेत नेमोना ही मैत्रीण भेटते, मग डायरेक्टरांच्या खोलीत टॉप चॅम्पियन गीता येते. (नाव वाचून मला पहिल्यांदा आपल्याकडचीच कुणीतरी वाटली होती.) ती म्हणते की आठही जिम लीडरांची (हरवल्यावर बॅज देणारे ते गावोगावचे प्रमुख खेळाडू) पुन्हा पाहणी करून या. म्हणजे सगळ्यांशी दुसऱ्यांदा लढायचं. या वेळी त्यांचे पोकेमॉन पासष्टच्या आसपास पातळीचे असतात आणि माझी टीम गोष्ट संपताना बासष्ट-त्रेसष्टवर होती. पहिल्या दोघांनी मला सहज हरवलं. मग आठवडाभर टेरा रेड (एका ताकदवान पोकेमॉनशी चौघांनी मिळून करायच्या लढती) करून पातळी वाढवणाऱ्या एक्स्पीरियन्स कॅंडी जमवल्या. पाच तारे असलेल्या रेड गोष्ट संपल्यावरच उघडतात, त्या चार ताऱ्यांइतक्या सोप्या नाहीत, पण कॅंडी भरपूर देतात. टीम सत्तरच्या पुढे गेली आणि उरलेली पाहणी चार संध्याकाळींत आटोपली. राइमशी लढाई दोन-दोन पोकेमॉनची असते, तिथे जोडी आधी ठरवून जा.

मग शाळेतली अकॅडमी एस टूर्नामेंट. सलग चार लढती, मध्ये कुठे सोडून जाता येत नाही. मी १८ सप्टेंबरला, गणपती बसायच्या आदल्या रात्री, अंतिम फेरीत नेमोनाला हरवलं. घरात मखराचं काम चाललं होतं आणि आई म्हणाली, "झालं का तुझं? आता दिव्यांच्या माळा लाव." डेक्स तेव्हा २०५.

इथे एक सांगते. टूर्नामेंट झाल्यावर आणि काही रेड जिंकल्यावर सहा ताऱ्यांच्या काळ्या रेड उघडतात, आणि बरेच जण त्यातच गुंततात. डेक्स पुरा करायला त्यांची गरज नाही. हर्बा मिस्टिका किंवा अ‍ॅबिलिटी पॅच अशा दुर्मीळ वस्तू हव्या असतील तर जरूर करा. मी त्या तीनच केल्या आणि सोडून दिल्या. मला नकाशावर हिंडायचं होतं.

हिंडण्याचं सगळ्यात मोठं निमित्त म्हणजे खुंट. पाल्डियाभर, म्हणजे गेममधल्या प्रदेशभर, जमिनीत चमकणारे खुंट रोवलेले आहेत, चार रंगांचे, प्रत्येकी आठ, म्हणजे एकूण ३२. एका रंगाचे आठही उपटले की त्या रंगाच्या देवळाचं दार उघडतं आणि आत एक जुनी, कोंडून ठेवलेली शक्ती असते. जांभळ्यामागे वो-चिएन, पिवळ्यामागे चिएन-पाओ, हिरव्यामागे टिंग-लू, निळ्यामागे ची-यू. यांची कथा इतिहासाच्या रायफर्ट बाई वर्गात सांगतात: पूर्वेकडून आलेला व्यापारी, लोभी राजा, आणि चार मौल्यवान वस्तू. लाकडी पट्ट्या, तलवार, पात्र आणि मणी. गोष्ट चालू असताना मी इतिहासाचे तास बुडवले होते. तुम्ही बुडवू नका. ती कथा ऐकून मग खुंट शोधायला निघालं तर प्रत्येक खुंट उपटताना हात थोडा थांबतो.

खुंट नकाशावर दिसत नाहीत आणि कुठला उपटला, कुठला राहिला याची नोंद गेम ठेवत नाही. मी जुन्या वहीत चार रकाने आखले. उपटला की खूण, शेजारी जवळच्या गावाचं नाव. हे पहिल्या दिवसापासून केलं नसतं तर मी वेडी झाले असते. खुंटांभोवती रंगीत उजेड असतो, तो अंधारात लांबून दिसतो, त्यामुळे गेममध्ये रात्र झाली की मी उंच कड्यावर चढून नुसती उभी राहून बघायची. एक पिवळा खुंट मला सहा दिवस सापडला नाही. मी त्याच डोंगराच्या चारही बाजूंनी चढले, आणि तो निघाला दोन दगडांच्या बेचक्यात, ज्याच्यावरून मी रोज उडी मारत होते.

चौघेही साठ पातळीचे आहेत आणि सहजासहजी बॉलमध्ये राहत नाहीत. लढाईआधी ऑप्शनमध्ये जाऊन ऑटोसेव्ह बंद करा आणि हाताने सेव्ह करा. फॉल्स स्वाइप (समोरच्याला पुरतं न पाडणारा वार) येणारा एक पोकेमॉन सोबत ठेवा. टायमर बॉल दहा वेळा पाळी आल्यानंतर खरा उपयोगी पडतो, तोवर धीर धरायचा. पण फार ताणूही नका. समोरच्याचे मूव्ह संपले की तो स्ट्रगल वापरून स्वतःच कोसळतो. चिएन-पाओच्या वेळी माझं असं दोनदा झालं, चाळीस-चाळीस मिनिटं गेली. तिसऱ्या वेळी सत्तावीस टायमर बॉल घेऊन गेले आणि तो एकविसाव्यात राहिला. शेवटचं दार, टिंग-लूचं, दसऱ्याच्या दुपारी उघडलं. खुंट शोधताना वाटेत दिसेल ते पकडत गेल्यामुळे डेक्स २८७ वर पोचला होता.

डेक्स नीट वापरायला मी याच काळात शिकले. एखादा पोकेमॉन नुसता दिसलेला असला तरी त्याच्या पानावर तो राहतो ती ठिकाणं नकाशावर कळतात. तेव्हा पकडायला वेळ नसला तरी जो दिसेल त्याच्याशी एकदा गाठ घालून ठेवा. दर दहा नोंदींमागे जीवशास्त्राचे जॅक सर काहीतरी बक्षीस देतात, तेही घेत चला. त्यात मिळणारे बॉल पुढे लागतात.

मग दिवाळी, आणि खरी अडचण.

स्कार्लेटमध्ये काही पोकेमॉन मिळतच नाहीत, ते फक्त व्हायोलेट या जोडगेममध्ये असतात. मी वहीत मोजले, २३. तितकेच स्कार्लेटचे व्हायोलेटवाल्यांना मिळत नाहीत. कितीही तास घालवा, एकट्याने ४०० होत नाहीत. पुण्यात ताईच्या मुलाकडे, म्हणजे माझ्या अकरा वर्षांच्या भाच्याकडे, व्हायोलेट आहे. मी निवांत होते. नाशिकहून अर्ध्या तिकिटात एसटीने निघाले, पिशवीत चिवडा, चकल्या आणि स्विच. पोचल्यावर पहिला प्रश्न मीच विचारला, "तुझा एरिया झीरो झाला ना?"

"नाही ना मावशी. सहाच बॅज आहेत. आई फक्त रविवारी एक तास देते."

एरिया झीरो, म्हणजे गोष्टीचा शेवटचा टप्पा, पूर्ण झाल्याशिवाय भविष्यातले ते धातूचे पोकेमॉन आणि दुसरा मिराइडॉन (व्हायोलेटमध्ये ज्याच्यावर बसून फिरतात त्याच जातीचा) त्याला पकडता येणार नव्हते. २३ पैकी ८ तिथेच अडकले. मला फार निराश वाटलं, आणि ते त्याला दिसलं. तो म्हणाला, "बाकीचे तर देतो ना!" आणि आम्ही कागद घेऊन बसलो.

उरलेल्या पंधरांचं गणित छान सुटलं. त्याच्याकडचे मिसड्रिव्हस, गल्पिन, बागॉन, क्लॉन्चर, ड्रीपी, पॅसिमियन आणि आइस्क्यू. माझ्याकडचे ड्रिफलून, स्टंकी, लार्विटार, डिनो, स्क्रेल्प, ओरॅन्गुरू आणि स्टोनजर्नर. सातास सात. त्याचे स्वतःचे लाडके न घेता, त्याच्याच गेममध्ये आम्ही प्रत्येकाचा दुसरा पकडला. ड्रीपीसाठी दीड तास लागला. पहिल्या रूपातला एक मिळाला की पुढची रूपं आपण वाढवून करू शकतो, म्हणून सात अदलाबदलींत माझ्या चौदा नोंदी सुटल्या. पंधरावा सेरुलेज, त्याला चिलखत लागतं. ते झापापिको गावात दहा सिनिस्टी चिप्स देऊन मिळतं, पण फक्त व्हायोलेटमध्ये. चिलखत पोकेमॉनच्या हातात देऊन पाठवता येतं. स्कार्लेटवाल्यांनी त्याच गावात ब्रॉन्झॉरचे दहा तुकडे देऊन दुसरं चिलखत घ्यायचं आणि समोरच्याला द्यायचं.

समोरासमोर बसून अदलाबदल करायला एक पैसा लागत नाही. इंटरनेटही लागत नाही. पोके पोर्टलमध्ये ऑफलाइन राहून दोघांनी सारखाच आकड्यांचा कोड टाकायचा. आम्ही आजीच्या वाढदिवसाची तारीख टाकली.

आणि सगळ्यात महत्त्वाची गोष्ट मला तेव्हाच कळली: पोकेमॉन एकदा आपल्याकडे आला की डेक्समध्ये नोंद होते, नंतर तो परत दिला तरी नोंद जात नाही. म्हणजे उसना चालतो. शेजारून वाटीभर साखर आणावी तसा. सुरुवातीला तिघांपैकी एक पोकेमॉन निवडायचा असतो, भाच्याने फ्वेकोको घेतला होता, मी स्प्रिगाटिटो. त्याचा आता स्केलेडर्ज झालेला. तो मी उसना घेतला, माझ्या डिट्टोबरोबर (त्याची बहुतेक सगळ्या जातींशी जोडी जमते) पिकनिकला ठेवला, टोपलीत अंडी आली, आणि स्केलेडर्ज जसाच्या तसा त्याला परत. अंडं उबवलं की फ्वेकोको, सोळाव्या पातळीला पुढचं रूप, छत्तिसाव्याला शेवटचं. त्याच्यासाठी स्प्रिगाटिटोचं अंडं मी दिलं. तो अंडं हातात असल्यासारखा स्विच धरून घरभर फिरला.

गेंगार, सिझर आणि स्लोकिंग ही रूपं अदलाबदलीतून होतात. सिझरसाठी मेटल कोट, स्लोकिंगसाठी किंग्ज रॉक हातात द्यायला विसरू नका. आम्ही विसरलो आणि स्लोपोक चार वेळा इकडून तिकडे गेला. फिनिझेनसाठीही दुसरा माणूस लागतो. तो अडतिसाव्या पातळीनंतर पॅलाफिन होतो, पण दोघे जण युनियन सर्कलमध्ये, म्हणजे एकाच नकाशावर, एकत्र असताना पातळी वाढली तरच. माझा फिनिझेन आधीच चाळीसला पोचला होता आणि मला वाटलं संधी गेली. गेली नव्हती. सर्कलमध्ये शिरून एक रेअर कॅंडी दिली, झालं.

त्याचं काम लवकर व्हावं म्हणून मी त्याला माझा सत्तर पातळीचा एक पोकेमॉन देऊ केला. तो त्याचं ऐकेना. सहा बॅजवर पन्नास पातळीपर्यंतचेच बाहेरचे पोकेमॉन ऐकतात. पोरगं हिरमुसलं. मग मी नुसतं शेजारी बसून त्याचं बघितलं, आणि भाऊबीजेच्या रात्री त्याने सातवा बॅज स्वतःच घेतला.

नाशिकला परतल्यावरचा दीड महिना म्हणजे वाट बघणं आणि चालणं. ब्रॅम्बलिन, पॉमो आणि रेलर यांना पुढचं रूप यावं म्हणून बॉलबाहेर काढून सोबत हजार पावलं चालवावं लागतं, मग पातळी वाढवायची. कोराइडॉनवर बसून गेलात तर ती पावलं धरत नाहीत. मी एका पुलावर येरझाऱ्या घालायचे, कानात आईच्या मालिकेचे संवाद. बिशार्पचा किंगॅम्बिट करायला त्याच्या हातात लीडर्स क्रेस्ट देऊन, तसाच क्रेस्ट असलेले तीन बिशार्प त्यानेच हरवावे लागतात. ज्यांच्याभोवती पॉनियर्डचा घोळका असतो, ते. प्राइमेपला रेज फिस्ट वीस वेळा वापरायला लावायचं, मग पातळी वाढवायची. हे सगळं गेममध्ये कुठे लिहून ठेवलेलं नाही, ते माहीत असणाऱ्याकडूनच कळतं.

आणि घोल्डेंगो. त्याला गिमिगूलची ९९९ नाणी लागतात. पडक्या टेहळणी बुरुजांच्या माथ्यावर पेटीत बसलेला गिमिगूल असतो. पकडला तर नाणी थोडी, हरवला तर जास्त, म्हणून एक पकडून ठेवायचा आणि बाकीच्यांना हरवायचं. छोटे मोकळे गिमिगूल खांबांवर, दगडांमागे, पाट्यांखाली लपलेले असतात, जवळ गेलं की नाणी टाकून पळतात. दिवाळीनंतर मोजली तेव्हा माझ्याकडे ३१२ होती. रोज रात्री ठरलेले सात-आठ बुरूज आणि येता-जाता दिसतील ते छोटे. १७ डिसेंबरला ९९९ चा आकडा आला. त्या सोनेरी माणसाकडे मी पाच मिनिटं नुसती बघत बसले होते.

सुरुवातीच्या तिघांतला क्वॅक्सली राहिला होता. आमच्या दोघांतही कुणी तो घेतला नव्हता. तो ऑनलाइनच मिळणार, आणि त्यासाठी निन्टेन्डो स्विच ऑनलाइनची वर्गणी लागते. सात दिवस फुकट मिळतात, पण खात्याला एकदाच, आणि ते मी जूनमध्ये गरज नसताना वापरून बसले होते. तुम्ही हे दिवस इथवर जपून ठेवा. भारतात निन्टेन्डोचं रुपयातलं दुकान नाही. माझं खातं अमेरिकेचं आहे, तिथे तेव्हा एका महिन्याचे ३.९९ डॉलर होते. कार्ड दोनदा नाकारलं गेलं. कारण साधं होतं: आपल्याकडच्या कार्डांवर परदेशी व्यवहार बहुधा मुळातच बंद असतात, ते बँकेच्या अ‍ॅपमधून सुरू करावे लागतात. सुरू केले, मर्यादा हजार रुपयांची ठेवली, पैसे भरले, लगेच पुन्हा बंद केले. चलनाचं शुल्क धरून सुमारे ३४५ रुपये गेले. वर्गणी महिन्याने आपोआप पुढे चालू राहते, ती त्याच दिवशी खात्यात जाऊन बंद करा. महिनाभर वापरता येतेच.

सरप्राइज ट्रेडमध्ये मी रोज अंड्यातले जास्तीचे स्प्रिगाटिटो टाकत गेले. कोण कुठून काय देतं ते कळत नाही. जपानी नावाचे, स्पॅनिश नावाचे पोकेमॉन येत राहिले. सहाव्या दिवशी, २९ डिसेंबरला, एक पहिल्या पातळीचा क्वॅक्सली आला. कुणीतरी माझ्यासारखंच अंडी उबवत बसलेलं असणार. त्याचे तीन धरून डेक्स ३९२.

उरलेले आठ भाच्याच्या हातात. मधे त्याची चाचणी परीक्षा झाली, रविवारचा तास दोनदा रद्द झाला. मी फोनवर कधी विचारलं नाही, ताईला राग आला असता आणि त्याच्यावर उगाच दडपण आलं असतं. नाताळच्या सुट्टीत त्याने आठवा बॅज आणि त्यानंतरच्या एलिट फोर या चौघांशी लढती केल्या. एलिट फोरच्या आधी त्यांच्यातलीच रिका तोंडी परीक्षा घेते, त्यात तो एकदा नापास झाला आणि फार दुखावला. १४ जानेवारीला, संक्रांतीच्या आदल्या दिवशी, रात्री त्याचा फोन आला. बोलताना आवाज जड होता. "मावशी, संपलं. तू सांगितलं का नाहीस असं होतं ते?" मी म्हणाले, मलाही कुणी सांगितलं नव्हतं. आम्ही बराच वेळ बोललो, डेक्सचा विषय निघाला नाही.

२६ जानेवारी शुक्रवारी आली, जोडून सुट्टी. पुन्हा पुणे. शनिवारी दुपारी आम्ही आपापल्या एरिया झीरोत उतरलो. गोष्ट संपल्यावर अगदी खाली, झीरो लॅबपाशी, आपल्याला दुसरा कोराइडॉन किंवा मिराइडॉन पकडता येतो. ज्याच्यावर बसून फिरतो तो कुणाला देता येत नाही, हा देता येतो. धातूचे सात आणि माझे पुरातन सात अशी देवाणघेवाण झाली, त्यातले चार त्याला परत हवे होते, ते दिले. शेवटी माझा दुसरा कोराइडॉन आणि त्याचा दुसरा मिराइडॉन. हे आम्ही परत केले नाहीत. दुपारचे चार वाजून दहा मिनिटं, डेक्सवर ४००. ताई चहा घेऊन आली आणि दोघांकडे बघून म्हणाली, "काय झालं, रडताय का?"

बायोलॉजी लॅबमध्ये जाऊन जॅक सरांशी बोलले. त्यांनी शायनी चार्म दिला. एरवी वेगळ्या रंगाचा पोकेमॉन दिसण्याची शक्यता ४०९६ त एक असते, चार्म असला की साधारण १३६५ त एक. स्पार्कलिंग पॉवरचं सॅंडविच आणि एकाच जातीचा घोळका, त्यातले साठ हरवले, तर ५१२ त एकपर्यंत येते. सध्या मी तेच करतेय, रोज अर्धा तास. अजून एकच मिळालाय, निळसर हिरवा नाही की सोनेरी नाही, नेहमीच्यापेक्षा जरासा फिका. मला तो खूप आवडतो.

काल भाच्याचा फोन होता. त्याचे ३७१ झालेत. ब्रॅम्बलिनला घेऊन तोही त्याच पुलावर येरझाऱ्या घालतोय. म्हणाला, "मावशी, तुझा घोल्डेंगो एका रात्रीसाठी देशील? नाण्यांना माझे सगळे रविवार जातील." गुढीपाडव्याला जायचं ठरलंय. घोल्डेंगोच्या हातात द्यायला मी एक मेटल कोट बाजूला काढून ठेवलाय, त्याचा सिझर राहिलाय अजून.